म्हशीजवळ ठेवलेली पुस्तकं

युद्धावरच्या पुस्तकांची सगळ्यात खडूस समीक्षक पुण्यात नाही, मुंबईत नाही, विद्यापीठात तर नाहीच नाही. ती सातारा जिल्ह्यातल्या एका गावात राहते, नऊवारी नेसते आणि तिच्याकडे दोन म्हशी आहेत. म्हशींचा उल्लेख मी उगाच केलेला नाही. समीक्षेच्या कामात त्यांचा मोठा वाटा आहे. ही बाई माझ्या बायकोची मावशी, म्हणून माझीही मावशी. गाव फौजींचं. ज्या घरातलं कोणी फौजेत नाही त्या घराकडे तिथं लोक जरा सहानुभूतीनं बघतात. मावशींचे यजमान, आमचे काका, हवालदार होऊन निवृत्त झाले. बर्फातल्या एका लढाईतून ते परत आले ते उजव्या पायाची बोटं तिथंच ठेवून, आणि बोलणंही बरंचसं तिथंच ठेवून. जेवताना मीठ कमी पडलं तर ते नुसतं मिठाच्या बरणीकडे बघत. मावशी मात्र बोलण्याच्या बाबतीत दोघांचा कोटा एकटीनं पुरा करतात.

पुस्तकांचा नाद त्यांना लागला तो याच कारणानं. "ह्ये काय बोलत न्हाईत," त्या मला एकदा म्हणाल्या, "मग म्हनलं, दुसऱ्या कुनी तरी ल्हिलं आसंल की ह्येंच्या मनातलं. वाचत जावं. कुठं तरी घावंल." तेव्हापासून सैनिकानं लिहिलेलं, सैनिकावर लिहिलेलं, सैनिकाच्या बायकोनं, आईनं, डॉक्टरनं लिहिलेलं, मूळ मराठी किंवा दुसऱ्या भाषेतून आलेलं, जे मिळेल ते त्यांनी घरात आणलं. मी सांगलीत छापखाना चालवतो, त्यामुळे पुस्तकं पुरवण्याचं काम जावई या नात्यानं माझ्याकडे आलं. लोक सासुरवाडीला पेढे नेतात. मी खंदकातल्या आठवणी न्यायचो.

वाचनाची पद्धत ठरलेली. दुपारची जेवणं झाली की काका सोप्यातल्या कॉटवर डोळे मिटून पडायचे आणि मावशी उंबऱ्याला टेकून मोठ्यानं वाचायला घ्यायच्या. आवाज असा, की चार घरं सोडून राहणाऱ्या बायकाही लढाई ऐकत ऐकत शेंगा फोडत. एखादं वाक्य खोटं वाटलं की काका न बोलता भिंतीकडे कूस बदलायचे. झालं! मावशी पुस्तक मिटायच्या, उठायच्या, आणि ते गोठ्यात म्हशींच्या वरच्या फळीवर नेऊन ठेवायच्या. पान खरं वाटलं तर काका दोनच शब्द बोलायचे, "चा ठेव." मग ते पुस्तक देव्हाऱ्याशेजारच्या कपाटात जायचं. तिथं पोहोचलेली पुस्तकं एका हातात मावतील एवढी. गोठ्यातली फळी मात्र मध्ये एकदा वाकली होती.

होता होता मावशींना स्वतःलाच पारख आली. ज्या पुस्तकात शिपायाच्या पायांचा उल्लेख नाही ते खुर्चीत बसून लिहिलंय. ज्यात कुणी जेवत नाही ते जेवण झाल्यावर लिहिलंय. ज्यात कुणालाच भीती वाटत नाही ते विकायला लिहिलंय. आणि सुट्टी संपवून निघालेला जवान आईला "जातो" म्हणतो असं कुठं आलं, तर त्या पुढचं पान उलटतच नाहीत. "आमच्याकडं मेलेला मानूस सुदिक 'येतो' म्हनून जाईल," त्या म्हणतात. "ह्यो लेखक कुनाच्या घरातनं निघालेलाच न्हाई."

एकदा एक निवृत्त मोठे अधिकारी गावात व्याख्यानाला आले. त्यांचं आत्मचरित्र मावशींनी वाचलंय असं कुणीतरी त्यांना सांगितलं आणि ते कौतुकानं घरी आले. पिळदार मिशा, कडक इस्त्री. कपाटावरून नजर फिरवून हसत म्हणाले, "आमचं पुस्तक दिसत नाही, ताई?"

"हाय की. म्हशीजवळ हाय."

मी छपराचे वासे मोजायला लागलो. साहेबांनी मात्र शांतपणे विचारलं, "का बरं?"

"सायेब, राग मानू नका. येवढं जाड पुस्तक, येवढा बरफ, आन् त्यात एकाचंबी मोजं भिजलं न्हाईत."

साहेब कॉटजवळची खुर्ची ओढून काकांशेजारी बसले आणि त्यांच्या पायाकडे बघत हळूहळू बोलू लागले. कुणाचे बूट कापून काढावे लागले, कोण कुणाचे पाय पोटाशी धरून झोपायचं, असलं काहीबाही. व्याख्यानाची वेळ टळून गेली. ते उठले तसं काकांनी "चा ठेव" म्हटलं आणि साहेब उभ्याउभ्या दोन कप प्याले. पुस्तक मात्र म्हशीजवळच राहिलं. "मानूस कपाटातला हाय," मावशींचा निकाल, "पुस्तक गोठ्यातलं."

मावशींच्या गल्लीत कुकरची शिट्टी वाजत नाही. त्या लढाईनंतर काका पहिल्यांदा घरी आले तेव्हा शेजारच्या घरात शिट्टी झाली, आणि काका तान्ह्या लेकीला छातीखाली घेऊन कॉटखाली आडवे झाले. दुसऱ्या दिवशी मावशींनी दारोदार जाऊन सांगितलं, आणि तेव्हापासून त्या गल्लीतल्या बायका शिट्टी व्हायच्या आधी गॅस बारीक करतात. बाहेरून आलेल्या नव्या सुनेला सासू आधी हे शिकवते, मग डाळीचं प्रमाण. फौजेतून निवृत्त होऊन आलेल्या जवानाची उघड्या जीपमधून मिरवणूक निघते तेव्हा डीजे गल्लीच्या तोंडाशी गप्प होतो. एकदा एक नवा डीजेवाला गप्प झाला नाही. मावशी रस्त्यात आडव्या उभ्या राहिल्या, हातात शेणाची पाटी. "वाजीव," त्या म्हणाल्या, "बघू तुझं मशीन मोठं का माझी पाटी." सत्कारमूर्ती स्वतः जीपमधून उतरला, मावशींच्या पाया पडला आणि वायर काढून आला.

तर अशा या बाईच्या वाटेला गावची गौरवग्रंथ समिती गेली. गावातल्या सगळ्या फौजींवर एक जाडजूड, रंगीत, चकचकीत कागदाचं पुस्तक निघायचं होतं आणि छपाई माझ्याकडे होती. समितीचे अध्यक्ष म्हणजे गावचे माजी सरपंच. मजकूर त्यांनीच एका भाषणपटू मास्तरांकडून लिहून घेतलेला. मी काकांच्या पानाचं प्रूफ घेऊन गेलो. मावशींनी नेहमीच्या आवाजात वाचलं: "बर्फाने पायाची बोटे गळून पडली, तरी चेहऱ्यावरचे हास्य मावळले नाही. 'मला पुन्हा आघाडीवर पाठवा,' अशी त्यांनी सिंहगर्जना केली. सध्या ते सुखी सेवानिवृत्त जीवन जगत आहेत."

मिठाच्या बरणीकडे नुसतं बघणाऱ्या माणसाची सिंहगर्जना! मला हसू यायला लागलं होतं, तेवढ्यात काकांनी कूस बदलली. स्वतःच्या पानावर. मावशी या वेळी उठून गोठ्याकडे गेल्या नाहीत. प्रूफ हातात धरून नुसत्या बसून राहिल्या. एवढी वर्षं ज्याचं मन दुसऱ्यांच्या पुस्तकांत शोधलं, त्याचं स्वतःचं जगात एकच पान होणार होतं, आणि तेही खोटं.

दुसऱ्या दिवशी सकाळी छापखान्याचं शटर वर केलं तर मावशी पायरीवर. पहिल्या एस्टीनं आलेल्या. आत येऊन त्या थेट त्या चकचकीत कागदाच्या गठ्ठ्यांवर जाऊन बसल्या. "बोलवा तुमच्या अध्यक्षाला. ह्येच्यावर खोटं छापायचं आसंल तर मला उचलून छापा."

अध्यक्ष धावतपळत आले. काकांचं पान नव्यानं लिहायचं, भीती आणि कुकरच्या शिट्टीसकट, हे मावशींनी त्यांना ऐकवलं. "आवं वैनी, गौरवग्रंथ हाय ह्यो! त्यात भ्या वाटलं, कुकरची शिट्टी, आसलं घालायचं व्हय? पोरं भरतीला जायची थांबतील."

"माझा ल्योक आत्ता सरहद्दीवर हाय. मी थांबिवला का त्याला? भरती नको म्हनत न्हाई मी. खोटं नको म्हनते."

"खोटं कुठं, जरा सजिवलंय."

"बैल सजवा बेंदराला. माझा नवरा न्हाई सजवायचा."

अध्यक्षांनी माझ्याकडे बघितलं. मी मशिनाकडे बघितलं. मग त्यांनी राजकारणातला शेवटचा उपाय केला: आवाज चढवला. "समितीचा ठराव झालाय, वैनी!"

"मग माझाबी झालाय," मावशी आणखी ऐसपैस बसल्या. "प्रकाशनाला मोठं पाव्हणं येनार. त्येंला ववाळायला पाच बायका दर बारीला आमच्या गल्लीतनं येत्यात. औंदा एकबी येनार न्हाई. तुमीच नऊवारी नेसा, तुमीच निरांजन घ्या आन् तुमीच ववाळा."

त्या गावात वेशीवर औक्षण झाल्याशिवाय ना जवान गावाबाहेर पडतो, ना पाहुणा आत येतो. कपाळाला कुंकू न लागलेले पाहुणे वेशीबाहेर उन्हात ताटकळताहेत, हे चित्र अध्यक्षांच्या डोळ्यांपुढे उभं राहिलेलं मला स्पष्ट दिसलं. नंतर बहुधा दुसरंही उभं राहिलं असावं, नऊवारीचं, कारण त्यांनी घाईघाईनं घाम पुसला. "बरं, ल्हा. एक पान. पर एकच!"

ते पान आम्ही काकांसमोर सोप्यात लिहिलं. मावशी सांगत होत्या, मी उतरवत होतो. गोठलेला चहा, ओले मोजे, भीती, कॉटखालची ती दुपार. कर्नाटकच्या सीमेवरच्या जत भागातला एक जोडीदार होता, धनगराचा, तो काकांचे पाय चोळून चोळून जिवंत ठेवायचा आणि काकांच्या शेजारीच गेला, एवढं मावशींना काकांच्या पलटणीतल्या माणसांकडून ठाऊक होतं. लिहून झाल्यावर त्यांनी ते वाचलं, या वेळी हळू आवाजात. "कूस बदलायची आसंल तर बदला," त्या म्हणाल्या, "मी फाडून टाकते."

काका हलले नाहीत. चहाही मागितला नाही. छपराकडे बघत बोलले, आणि मी त्यांना सलग एवढं बोलताना पहिल्यांदाच ऐकलं. "शेवटाला त्यो कानडीत बोलला. म्या कान लावला, पर कळलं न्हाई. काय तरी सांगाय लावलं व्हतं त्येनं मला. म्हनून त्येच्या घरी गेलो न्हाई कवा. काय सांगायचं जाऊन?" मग थांबून म्हणाले, "चा ठेव."

मावशी चहाचं आधण ठेवून बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "जावईबापू, जत तुमच्या सांगली जिल्ह्यात न्हवं? गाडी काढा."

विचारत विचारत गेलो तर जोडीदाराची बहीण जतजवळच्या त्यांच्या जुन्या वस्तीवरच होती. टँकरची वाट बघत घागरी मांडून बसलेली. मी काय सांगतोय ते तिला कळलं तशी ती घागरी तिथंच टाकून गाडीत बसली. काकांच्या कॉटजवळ ती खाली बसली आणि काकांनी इतकी वर्षं पाठ करून ठेवलेले ते न कळलेले शब्द, मंत्र म्हणावेत तसे, एकेक करून म्हटले. बाई आधी हसली. मग तिनं पदर तोंडाला लावला.

"मेंढरं आत घेतली काय, म्हणून इचारलाय ओ त्यो. रोज दिवस बुडताना अव्वाला तसंच इचारायचा, आमच्या आईला."

"मेंढरं?" काका उठून बसले.

"मेंढरंच की."

काकांनी अगदी खालच्या आवाजात विचारलं, "घेतली व्हती का?"

"घेतली होती की ओ. सगळी."

ते वाक्यही पानावर गेलं. ग्रंथ निघाला, फटाक्यांशिवाय निघाला, आणि पाहुण्यांना पाच बायकांनी ओवाळलं. दुसऱ्या दिवशी पहाटे भरतीची तयारी करणारी पोरं रोजच्यासारखी रस्त्यानं धावत गेली. मावशींनी मुद्दाम अध्यक्षांना हाक मारून दाखवलं, "बघा, पळत्यात का न्हाई?" आणि पोरांना ओरडून सांगितलं, "पळा रं! पर मोजं कोरडं ठेवा!"

गेल्या हिवाळ्यात काका गेले. मी भेटायला गेलो तेव्हा मावशी म्हशींची धार काढत होत्या. माझ्याकडे न बघताच म्हणाल्या, "शेवटाला म्हैनाभर रोज दिवस बुडताना मला इचारायचं, मेंढरं आत घेतली का. आमच्यात मेंढरं कवा नव्हतीच, जावईबापू. पर मी म्हनायची, घेतली, समदी घेतली. मग डोळा लागायचा." धारेचा आवाज थांबला. "आयुष्यात तेवढंच खोटं बोलले बगा. ह्ये कुठं छापू नगा."

मी छापतोय. पाटी घेऊन आल्या तर बघून घेईन. दुपारी त्या अजून उंबऱ्याला टेकून रिकाम्या कॉटसमोर मोठ्यानं वाचतात, आणि गल्लीतले कुकर अजून गप्प असतात. वाचता वाचता मध्येच थांबतात, कॉटकडे बघतात. मग कधी पुस्तक उचलून गोठ्याकडे जातात, कधी आत जाऊन चहा ठेवतात. आता त्या ते कशावरून ठरवतात, मी विचारलेलं नाही.