हौसेनं ठेवलेलं नाव

न्यू जर्सीतल्या पिस्कॅटवेला आमच्या खालच्या अपार्टमेंटमध्ये एक अमेरिकन जोडपं राहायचं. तो फर्निचरच्या दुकानाचा ट्रक चालवायचा, ती दातांच्या डॉक्टरकडे फोन घ्यायची. बर्फ पडला की तो स्वतःच्या गाडीबरोबर माझीही गाडी उकरून ठेवायचा. मी बूट चढवून खाली पोचेपर्यंत माझ्यासाठी फक्त थँक्यू म्हणायचं काम उरलेलं असायचं. ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर, एका हिवाळ्यात, त्यांना मुलगा झाला. जिन्यात गाठ पडली तेव्हा त्यानं छाती फुगवून नाव सांगितलं. टॅनर.

"म्हणजे काय?" मी विचारलं. आपल्याकडे नाव कळलं की अर्थ विचारायचाच असतो.

तो गडबडला. त्याला हा प्रश्न आजवर कुणी विचारला नसावा. "टॅन असतो ना, तसं," तो म्हणाला. "बीच, ऊन... उन्हात रापलेला तगडा माणूस!" बाहेर गुडघाभर बर्फ साचला होता.

मला खरा अर्थ ठाऊक होता. तो कळायला डिक्शनरीची गरज नव्हती. कातडी कमावणं हा आमच्या घराचा पिढीजात धंदा. माझे आजोबा गावाबाहेरच्या चुन्याच्या हौदांपाशी आयुष्यभर राबले. 'कमावणं' हा शब्द आमच्या घरात आधी कातड्यासाठी आला, पैशासाठी बऱ्याच नंतर. वडील शिकले, पुण्यात नोकरीला लागले आणि पहिलं काम काय केलं, तर गॅझेटात देऊन आडनाव बदललं. जुन्या आडनावावरून कुणालाही सगळं कळायचं. नवं गावावरून घेतलेलं, शेवटी छानपैकी 'कर' लावलेलं. त्या दोन अक्षरांवर मी कॉलेज केलं, अमेरिकेला आलो आणि न्यू जर्सीच्या मराठी मंडळींत "तुम्ही मूळचे कोकणातले का हो?" या प्रश्नाला "नाही, देशावरचे" असं खरं पण अर्धंच उत्तर देत राहिलो.

वडील गेल्यानंतर आई सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आली होती. ती मटार सोलत बसली होती, तेव्हा मी तिला खालच्या बाळाचं नाव सांगितलं आणि अर्थही. तिचा हात थांबला.

"खरं सांग."

"खरंच."

"मुद्दाम ठेवलंय?"

"मुद्दाम. हौसेनं."

तिनं हातातली शेंग सोलून संपवली. मग हळू आवाजात म्हणाली, "आधीची मुलं जगली नसतील रे त्यांची. आपल्यात नाही का, नजर लागू नये म्हणून दगडू, केरू ठेवतात." आणि लगेच वाटीभर शिरा करून खाली निघाली. दारात मला म्हणाली, "विचार तिला, आधी किती गेली." मी भाषांतर केलं, "आई म्हणते, बाळ फार गोड आहे." आईनं त्या ओल्या बाळंतिणीच्या पाठीवरून इतक्या मायेनं हात फिरवला, की तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

नावाचा उलगडा झाला तो बाळाच्या आजीकडून. ही बाई मुलीच्या बाळंतपणासाठी पेनसिल्व्हेनियाहून आली होती. जावयाचा बीचवाला अर्थ ऐकून ती खो खो हसली. टॅनर हे तिचं माहेरचं आडनाव. त्या चौघी बहिणी, भाऊ नाही. लग्नं झाली तसं आडनाव बुडालं. मग मुलीनं ते नातवाचं पहिलं नाव म्हणून वर काढलं. इंग्लंडातली जुनी रीतच आहे म्हणे, आईकडचं चांगलं आडनाव मरू द्यायचं नसलं की मुलाला नाव म्हणून द्यायचं. तिकडे गावागावांत एकाच नावाची माणसं फार झाली, तेव्हा कोण कुठला हे ओळखायला ज्याचा जो धंदा तेच मागे लावलं. कुणी शिंपी, कुणी लोहार, कुणी गाडीवान. "आमचे कातडीवाले," ती अभिमानानं म्हणाली. "नदीच्या खालच्या अंगाला राहायचे. वासामुळे गावात घर देत नसत."

हे मी आईला सांगितलं.

"गावाबाहेर?" आई म्हणाली. "आणि तरी नाव जपलं?"

"तरी जपलं."

"यांच्या आजोबाला कुणी सांगितलं नाही वाटतं, बदल म्हणून."

मग आईनं मला त्या बाईला सांगायला लावलं की आम्हीही तेच. मी अडखळत सांगितलं. त्या बाईनं टाळीच वाजवली. "म्हणजे आपण नातेवाईक!" असं म्हणून तिनं आईला मिठी मारली. पन्नास वर्षं दडवलेली गोष्ट एका मिनिटात उघडी पडली, आणि वर मिठी मिळाली.  आई नुसती हसत राहिली.

पुढच्या रविवारी मराठी मंडळींचं पॉटलक, म्हणजे ज्यानं त्यानं एकेक पदार्थ आणायचं जेवण, होतं एका डॉक्टर काकांकडे. काका पंधरा वर्षं अमेरिकेत. त्यांना प्रत्येक शब्दाची व्युत्पत्ती माहीत असायची आणि ती सांगितल्याशिवाय राहवायचं नाही. आईची भरली वांगी सगळ्यांच्या प्लेटमध्ये होती, दोघीतिघींनी रेसिपी विचारून झाली होती. शेजाऱ्यांच्या बाळाचा विषय माझ्या बायकोनं सहज काढला.

"टॅनर?" काका म्हणाले. "अहो, टॅनर म्हणजे कातडी कमावणारा! आणि हे लोक पोराला हौसेनं ठेवतात! आपल्याकडे ठेवेल का कुणी?"

हशा पिकला. मीही ओठ ताणले, सवय होती. आईनं मात्र घास गिळला आणि शांतपणे म्हणाली, "आमच्यात ठेवायला लागत नव्हतं. तसंच म्हणायचे आम्हाला. माझे सासरे तेच काम करायचे."

 काका म्हणाले, "वा, वा, म्हणजे... डिग्निटी ऑफ लेबर," आणि ताक आणायला किचनमध्ये गेले. एका काकूंनी प्लेट अलगद टेबलावर ठेवली. त्यांना एकदम पोट भरल्यासारखं झालं. वांगी मात्र तोवर खाऊन झाली होती.

निघताना पार्किंग लॉटमध्ये एक तरुण मुलगी आमच्यामागे धावत आली. नागपूरची, हॉस्पिटलमध्ये रेसिडेन्सी करणारी. आमची ओळख नमस्कारापुरती. तिनं आईचे दोन्ही हात धरले. "मावशी, आमचंही आडनाव बदललेलंय. बाबांनी बदललं. मी आज पहिल्यांदा कुणाला तरी सांगतेय." आईनं तिला जवळ घेतलं. डोळे पुसून ती मुलगी माझ्याकडे वळली आणि म्हणाली, "पण प्लीज यार, आत कुणाला बोलू नका हं."

महिन्याभरानं पुढच्या पॉटलकचा फोन आला. एरवी माझ्या बायकोनं, म्हणजे त्यांच्या 'वहिनींनी', काय करायचं यावर चर्चा व्हायची. या वेळी त्याच काकू घाईघाईनं म्हणाल्या, "तुम्ही फक्त पेपर प्लेट्स आणि सोडा आणा. आई आल्यात ना, वहिनींना कशाला उगीच त्रास?"

मी फोन ठेवून घरात सांगितलं. मला वाटलं, आईला लागेल. ती म्हणाली, "हे बरंय. आमच्या गावात नुसतंच लांब बसवायचे. इथं सोडा तरी आणायला सांगतात."

बायकोला हसू आलं नाही. ती मोठं पातेलं काढून मसालेभात करायला बसली. मी म्हटलं, "अगं, नको सांगितलंय त्यांनी."

"ऐकलं मी," ती म्हणाली. "काजू दे."

रविवारी तिनं ते पातेलं नेऊन टेबलाच्या बरोबर मध्यभागी ठेवलं आणि झाकण काढलं. जेवणं चालू असताना मी टेबलाकडे पाठ करून काकांशी मॉर्गेजच्या रेटबद्दल बोलत राहिलो. कोण वाढून घेतंय ते बघायचा धीर नव्हता. घरी निघताना पातेलं उचललं, तर अर्धं रिकामं.

गाडीत बायकोनं पातेलं मांडीवर घेतलं. आईनं मागच्या सीटवरून वाकून पातेल्यात पाहिलं. "अर्धं गाव जेवलं म्हणायचं," ती म्हणाली. "माझ्या सासूच्या हातचं एकानंही खाल्लं नव्हतं."