नानांच्या पाटावर चारू

माझी बहीण चारुलता सिनेमे काढते, हे मी रनाळ्यात कुणाला सांगत नसे. ना नट, ना गाणं, ना गोष्ट! कॅमेरा स्टँडवर लावायचा आणि स्वतःच समोर बसायचं. एकात ती आईचं लुगडं नेसून अर्धा तास मिरचीचे देठ खुडते, बोटं सुजेपर्यंत. तो कुणीतरी मोबाइलवर पसरवला. मी शाळेत मास्तर. पारावरून जाताना लोक विचारायचे, "नवनीत सर, तुमन्ही बहीणले काय व्हयनं?" माझी मान खाली.

नाना, म्हणजे आमचे वडील पितांबर, मार्गशीर्षात गेले. नंदुरबारच्या दवाखान्यात तीन दिवस एकच घोकत होते, चारूला बोलाव. मी म्हणायचो, फोन केलाय, निघाली. केला नव्हता. सगळे पाहुणे जमलेले, त्यात ही पुण्याहून कॅमेरा घेऊन आली असती तर? गेल्यावर तिला कळवलं, तीन दिवस तुझा फोनच लागला नाही म्हणून. आईलाही तेच ठोकून दिलं.

यंदाची आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, नाना गेल्यावरची पहिली. आमच्याकडे त्या दिवशी घागर भरतात आणि भाऊबंदातल्या एकाला पितर म्हणून पाटावर बसवून जेवू घालतात. वाढायचं घरच्या कर्त्याने. पितर ताटावर आहे तोवर त्याच्याशी खोटं बोलायचं नाही, हा आमच्या घरचा रिवाज.

चारू म्हणाली, "मी बसते."

"डोकं फिरलंय का तुझं? बाई कधी पितर बसते का?" मी ओरडलो.

आई, छबूबाई, कधी मध्ये बोलत नाही. ती म्हणाली, "बसू दे. तिले तं त्यासनं तोंडबी पाह्याले नही भेटनं."

चारू नानांचा सदरा घालून, टोपी चढवून बसली. कॅमेरा चालू. मी रागारागाने सांजोरी वाढली, आमरस वाढला. तिनं नानांसारखंच ताटाभोवती पाणी फिरवलं, आणि घास उचलायच्या आधी, दर आखाजीला लेकीची वाट बघणारे नाना विचारायचे तेच, त्याच घोगऱ्या आवाजात विचारलं, "नवनीत, चारूले फोन कया का रे?"

तिला बिचारीला काय माहीत! ती नुसती नक्कल करत होती.

मी पळी पातेल्यात ठेवली. "नही कया, नाना. तीन दिन नही कया. मले तिन्ही लाज वाटे."

आई भिंतीला टेकून खाली बसली. टोपी चारूनं काढली नाही. पितराने ताटात टाकायचं नसतं, म्हणून रडत रडत सगळं जेवली. मी वाढत राहिलो. 'पुरे' कुणी म्हटलंच नाही.

महिन्याने तिचा फोन आला. "दादा, तुझं बोलणं ठेवू की काढून टाकू?"

लाजेनं कानशिलं तापली माझी. "ठेव," म्हटलं.

तोही सिनेमा गावात पोचलाय. पारावर विचारतात, सर, तो वाढणारा तुम्हीच का? मीच तो, सांगतो, आणि ती माझी बहीण.