वरणभाताचा शॉट

ताज्या कढवलेल्या तुपाचा वास कार्डिफच्या बंद घरात कसा मनसोक्त हुंदडतो! एप्रिलच्या त्या रविवारी पावसाने धुतलेलं कोवळं ऊन जेवणाच्या टेबलावर उतरलं होतं, आणि मी बाबांच्या ताटावर फोन रोखून उभी होते. एका जपानी दिग्दर्शकाच्या नव्या अ‍ॅनिमेशनपटातला एकच शॉट चित्रकार म्हणून माझ्या वाट्याला आला होता: एक वृद्ध मराठी गृहस्थ हाताने वरणभात जेवतो. दोनदा रेखाटून पाठवला, दोनदा परत आला. हात बरोबर आहे, पण माणूस जेवत नाही, एवढाच निरोप. तिसऱ्यांदा फसला असता तर तो दुसऱ्या कुणाकडे जाणार होता.

या दिग्दर्शकाने मला विद्यार्थिदशेपासून वेड लावलं आहे. एक चित्रपट भुताखेतांचा, पुढचा पोट धरून हसवणारा, त्यानंतरचा समुद्रावरच्या कोळ्यांचा, मग रंगांना रजा देऊन नुसत्या पेन्सिलीच्या रेषांचा. त्याची शैली कोणती, हे शोधताना भले भले दमले. आणि मला अजून स्वतःची शैली सापडत नाही, ही खंत मी वर्षानुवर्षं कुरवाळत बसलेली.

बाबा मात्र कॅमेरा पाहताच ताठ झाले. इथल्या हॉस्पिटलात उभी हयात घालवलेला हा निवृत्त डॉक्टर चक्क चमच्याने भात खाऊ लागला!

"बाबा, अहो, just be normal ना! हाताने जेवा."

"अगं, जपानला दिसणार ना ते? Table manners नकोत?"

अखेर भात निवू लागला, तसा त्यांचा धीर सुटला. भाताला आळं करून त्यांनी वरण ओतलं, लिंबू पिळलं, कालवलं. आणि मला लख्ख दिसलं, की ओठांशी पोचलेला घास अंगठा हलकेच आत लोटतो, आणि मान अर्ध्या वाटेवर त्याला सामोरी येते. जन्मभर केलेली गोष्ट, आणि काढताना नेमकी विसरलेली! मी आनंदाने उडीच मारली.

आठवडाभर झपाटल्यासारखं काढून शॉट पाठवला. उत्तरादाखल एक व्हिडिओ आला. शॉट मंजूर होता. पण सत्तरी ओलांडलेले ते दिग्दर्शक स्वतःच बाह्या सरसावून वरणभात जेवायला बसले होते. शर्टावर शितं, हनुवटीवर पिवळा ओघळ, आणि चेहऱ्यावर असा आनंद, की मला भरूनच आलं.

"अहो, घास लहान घ्या!" बाबा फोनच्या पडद्याकडे बघून ओरडले.

मी हसत सुटले. शैलीबिली कुठल्या कुठे पळाली होती; मला आता काहीतरी अजिबात न येणारं काढायची घाई झाली होती.