कायम न झालेलं इतिवृत्त

नामदेव खैरे मूळचे सोलापूरचे, गिरणी कामगाराचे चिरंजीव. चौऱ्याहत्तर साली सेक्रेटरिएटमध्ये कारकून म्हणून चंदीगडला आले आणि सेक्टर वीसमधल्या एका खोलीत कम्युनिस्ट पक्षाची शाखा सांभाळत म्हातारे झाले. नोकरीत असताना गुपचूप, निवृत्तीनंतर उघडपणे. बढती दोनदा नाकारली, कारण अधिकारी झालं की कर्मचारी संघटना सोडावी लागते. बायकोनं ते शेवटपर्यंत माफ केलं नाही. मी असते तर मीही केलं नसतं.

मुलगा शेजारच्या मोहालीत, एरोसिटीत राहतो. नात ओजस्विनी म्हणते, "आजोबा, रशिया तो कब का खतम हो गया!"

"मला कुणी कळवलं नाही," नामदेवराव म्हणतात.

शाखेला किमान तीन सभासद लागतात. यंदा जानेवारीत तिसरा सभासद विश्वनाथ वारला आणि उरले दोघं: नामदेवराव आणि कानानं पार अधू झालेले गुरचरणसिंग. मार्चअखेरपर्यंत तिसरा मिळाला नाही तर शाखा बंद, असं वरून पत्र आलं. नामदेवरावांनी मोहालीतल्या आयटीवाल्या मराठी पोरांना गाठलं. एकानं विचारलं, "काका, वीकेंडला असतं का?" दुसऱ्यानं तेवढंही विचारलं नाही.

शेवटी माझ्याकडे आले. मी एक्याण्णव साली पक्ष सोडला. सोव्हिएत युनियन बुडालं म्हणून नव्हे, मीटिंगांना कंटाळून.

"सुलोचनाबाई, शाखा बंद पडतेय."

"पडू दे की. तुम्ही दोघं करता तरी काय तिथं?"

"ठराव."

मी हसले, ते हसले नाहीत. खोटं कशाला लिहू, मला मार्क्सबिर्क्स काही आठवला नाही. त्यांच्या शर्टाचं बटण चुकीच्या काजात गेलेलं दिसलं, आणि मी म्हटलं, "द्या तो फॉर्म इकडे."

रविवारी अकराला बैठक. जिल्हा कमिटीकडून हिमानी नावाची तरुण वकीलबाई आली होती. विश्वनाथसाठी मिनिटभर उभे राहिलो. मिनिट संपल्याचं गुरचरणसिंगांना ऐकू आलं नाही, त्यांना हात धरून बसवलं. हिमानीनं आमच्याकडे बघून तीन बोटं मोजली. "चला, शाखा वाचली!"

"नाही वाचली," नामदेवराव म्हणाले. "यांचं सभासदत्व तुटून चौतीस वर्षं झाली. परत आलेला माणूस वर्षभर उमेदवार. उमेदवाराला मत नाही, तिघांत धरत नाहीत."

मी उडालेच. "अहो, फॉर्म तुम्हीच आणलात ना?"

"पक्षाची घटना आज सकाळी पुन्हा वाचली. माझी चूक झाली."

"अंकलजी," हिमानी हळूच म्हणाली, "मी पूर्ण सभासद लिहिते. वर कोण बघतंय?"

"मी बघतोय. अठ्ठ्याऐंशी साली याच नियमावर दोघांची मतं मी बाद केली होती. त्यांना काय सांगू?"

"कुठं आहेत ते दोघं?" मी विचारलं.

"एक वारला. दुसऱ्याचं माहीत नाही."

डोकं फोडून घ्यावंसं वाटलं, त्यांचं आधी.

शाखा बंद करण्याचा ठराव सेक्रेटरीनंच मांडायचा, अशी पद्धत. सेक्रेटरी नामदेवरावच. त्यांनी उभं राहून मांडला, आवाज नेहमीसारखा. गुरचरणसिंग विचारायला लागले, "किस बात पे, ओए?" हिमानी त्यांच्या कानात ओरडली, "ब्रांच बंद!"

"पर तू तो कहता था..." नामदेवरावांचा हात वर गेलेला बघून त्यांनी वाक्य सोडलं आणि आपलाही हात वर केला. मला मत नव्हतं. मी हात मांडीवर ठेवून बसले. नामदेवरावांनी वहीत लिहिलं: एकमताने मंजूर.

दोघांना मोहालीच्या शाखेला जोडलं आहे. दोन बस बदलून जावं लागतं. त्यामुळे कुणी जात नाही.

पुढच्या रविवारी बरोबर अकराला माझ्या दाराची बेल वाजली. नामदेवराव, काखेत वही.

"एक अडचण आहे," उभ्याउभ्याच म्हणाले. "मागच्या बैठकीचं इतिवृत्त पुढच्या बैठकीत वाचून कायम करायचं असतं. शाखेच्या सत्तेचाळीस वर्षांत एकही राहिलेलं नाही. आता पुढची बैठकच नाही. हे कायम कुणी करायचं?"

"आणा, मी सही करते."

"तुम्ही उमेदवार."

"मग राहू द्या तसंच. चहा टाकते."

त्यांनी वही उघडली, शेवटच्या पानावरची सहीची मोकळी जागा मला दाखवली, पुन्हा मिटली. चहा न घेताच जिना उतरले. बटण आजही चुकीच्याच काजात होतं, आणि मी सांगितलं नाही.