राखेची रेघ

कलाबाई, चिचगडच्या शाळेत शिकवताना मी तुझ्या शेजारी राहिले, म्हणून हे पत्र. तुझी गोष्ट गाव चुकीची सांगतं. लिहिताना तुला 'ती' म्हणते. तोंडावरची स्तुती तुला खपत नाही.

तिचा नवरा खुशाल तिला सोडून सालेकशाच्या रुख्माकडे गेला आणि नऊ वर्षांनी दमा घेऊन परत आला. गावाला वाटलं, ही दार लावून घेईल. तिने ओसरीत खाट टाकली, वेगळी चूल मांडून दिली आणि आत गेली. माफ केलं का, हे विचारायची कुणाची छाती नव्हती. खुशालला मात्र मरण्याआधी तेवढंच ऐकायचं होतं.

त्यांच्या शेताच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, मोहाचं एकच झाड. फुलं गळायच्या आधी खालचा पाचोळा जाळून जागा साफ करतात. कलाबाईने त्याच राखेची रेघ बुंध्यापासून ओढली. इकडची फुलं तिची, तिकडची त्याची. सकाळी दोघं पाठमोरी होऊन वेचत. गावाने त्याला वैर म्हटलं.

तिसऱ्या वर्षी त्याला वाकवेना. बुंध्याला टेकून बसला. तिने आपली बाजू वेचली, मग रेघ ओलांडून त्याचीही; पण टोपली वेगळी, वाळवण वेगळं. इकडचं एक फूल तिकडे गेलं नाही.

खुशाल म्हणाला, "सारं तूच वेचून राहिली, त रेघ कायले? पुसून टाक ना वो."

"रेघ पुसली, त मंग तुमचा वाटा कोनता?" तिने मान वर केली नाही.

तो ढसाढसा रडला. फुलांवर खोकू नका, एवढंच ती पुढे म्हणाली.

प्रेमावर मी पोतंभर पुस्तकं वाचली. असं कुठे सापडलं नाही. पावसाळ्यात तो गेला.

त्याच्या पुण्यानुमोदनाला, त्या दिवसाच्या कार्याला, मी आले, तेव्हा त्याच्या वाट्याची सुकी फुलं पिशवीत भरून तू माझ्या मांडीवर ठेवलीस. डोंगरगडला तुझ्या लेकीकडे जातेसच तर वाटेत सालेकशाला उतर, रुख्माला दे, म्हणालीस. "नऊ वर्सं तिनंच रांधून घातलं त्याईले."

मी तुझ्याकडे बघतच राहिले. बाई आहेस की काय आहेस!

तरी खरं सांगते. त्यानंतर चारदा सालेकसा आलं. चारही वेळा पिशवी मांडीवर होती. गाडी थांबली, सुटली. रुख्माचा राग तुला नाही, मलाच आहे. पिशवी अजून माझ्या फडताळात आहे.