घट्ट गुंडाळलेली वायर

इंटरनेट बंद पडलं की कंपनीचा तो पोरगा येतो. नाव मी कधी विचारलं नाही. बूट दाराबाहेर काढतो, वायरीला मीटर लावतो आणि "बघू की" म्हणत आकडा मोठ्यानं वाचतो.

परवा नातीची ऑनलाइन मुलाखत तासावर आली आणि नेट गेलं.

"उणे एकोणतीस. वायरीतनं उजेड लई कमी येतोय, आज्जी."

"आणि भरपूर आला की?"

"उणे वीस."

भरपूर, तरी उणेच! माझं डोकं गरगरलं.

वायर चाचपत तो कपाटामागं गेला. तिथं मीच ती खिळ्याला गच्च गुंडाळली होती. तरुणपणी चादरीच्या कारखान्यात सुताच्या कांड्या भरायची, आणि माझ्याइतकी घट्ट कांडी कुणाचीच नाही म्हणून नाक वर करून फिरायची. बावळट कुठली!

"आत काच हाय. लई वळली की उजेड बाहेर सांडतो," म्हणत त्यानं वायर सैल सोडली. नेट आलं, नात मुलाखतीला बसली.

"कुणी गुंडाळली अशी?" सुनेनं विचारलं.

त्यानं माझ्याकडं पाहिलं. "आमच्याच माणसानं, ताई."

मीही लगेच सुनावलं, "नीट शिकवा त्याला!"

"व्हय आज्जी," तो मान खाली घालून म्हणाला. तो मनात हसत होता की चिडला होता, मला अजून उमगलेलं नाही.