पंचमीच्या फेराचं शूटिंग

लग्नांचे व्हिडिओ काढून माझं घर चालतं. बाहेरच्या एका संस्थेला केदारखेड्याच्या बायकांचा पंचमीचा फेर चित्रित करून जतन करायचाय असं कळलं, तेव्हा मी आपणहून कॅमेरा घेऊन गेलो. त्या गावात माझी आत्या राहते. फेरात तीच गाणं उचलायची. हातात हात गुंफलेल्या बायका तिच्यामागे ओळ झेलत गोल फिरायच्या.

संस्थेच्या दिग्दर्शकाने आल्या आल्या भाड्याच्या शिवलेल्या नऊवाऱ्या आणि चापाच्या नथी वाटल्या. मला तिथेच शिसारी आली, पण बायका हसत तयार झाल्या. मग देवळाच्या ओट्यावर बसवून त्याने आत्याचं गाणं रेकॉर्ड केलं. ऐकताना त्याने डोळे मिटून मान डोलावली. नंतर मला बाजूला घेऊन म्हणाला, "आजींना फ्रेममध्ये घेऊ नका. कपाळ मोकळं आहे, सणाचा मूड जातो."

आत्याच्या जागी त्याने सोबत आणलेली मुलगी उभी केली. ठसठशीत कुंकू लावलेली ती मुलगी आत्याच्या आवाजावर नुसते ओठ हलवू लागली.

आत्या ओट्यावरून उतरली. "सायेब, मालक गेल्यावर बी मीच फेर धरला. गावानं न्हाई अडवलं. तुमी कोण?"

"आजी, आवाज तुमचाच आहे ना! फक्त दिसायला छान पाहिजे."

"हे छान दिसून राह्यलंय?"

बायकांनी नथी काढून सतरंजीवर टाकल्या आणि घरची वाट धरली. मीही कॅमेरा बॅगेत भरला. दिग्दर्शक मात्र थांबला नाही. त्या मुलीचं शूटिंग त्याने मोबाईलवरच उरकलं.

जालन्यात ती फिल्म दाखवली तेव्हा मी गेलो होतो. आत्याचा घोगरा आवाज त्या रंगवलेल्या ओठांतून निघत होता आणि लोक टाळ्या पिटत होते. मी चहाला न थांबता बाहेर पडलो.

पुढच्या पंचमीला आत्याला मधोमध घेऊन सगळा फेर काढायचा, असं मी ठरवलं. त्या दिवशी मला कॅमेऱ्याचा स्टँड लावताना पाहून ती म्हणाली, "ते आवर आधी. बघायचं आसंल तर डोळ्यानं बघ."

"आत्या, तुझ्यासाठीच..."

"तो बी असंच म्हणत होता."

मी आवरलं.

परवा अंबडला एका लग्नात वरबापाने माझ्यापुढे मोबाईल धरला. तीच मुलगी, तेच ओठ. "बराबर असंच काढा," तो म्हणाला.